प्रश्न क्रमांक एकसष्ट

संच ब. प्रश्न एकसष्ट.
कापडात लांबीच्या दिशेने जाणारा धागा कोणता?
मी प्रश्न पुरता वाचलासुद्धा नाही.
आमच्या घरात त्याला पडुगू म्हणतात,
आडव्याला पेका.
मराठीत आणायला एक श्वास लागला: ताणा.
गोल काळा केला
आणि चक्रवाढ व्याजाकडे वळले.
तिथे चुकले असते
तर कुणाशी भांडले नसते.

उत्तरतालिकेत आलं: बाणा.

नाना आधी हसले.
भद्रावती पेठेतल्या आमच्या खोलीत
चालता माग बंद करून हसले.
म्हणाले, छपाईची चूक असेल.
हरकत नोंदवली, शुल्क भरलं.
अंतिम तालिकेत तेच.
तज्ज्ञांनी पुन्हा तपासलं होतं म्हणे.
आई काही बोलली नाही.
तिने त्या दिवशी वहीफणीत
दोन हजार चारशे तार भरले,
एकेक, बोटाने,
सगळे उभे.

यादी एका गुणाने हुकली.
बरोबरचा एक, चुकीचा म्हणून कापलेला पाव:
सव्वा.
देवापुढे नारळावर ठेवतात तेवढा.
त्यासाठी निंबर्गी वकिलांचा जिना,
शपथपत्र, तिकिटं, जांभळे शिक्के,
आणि उत्तरपत्रिकेची छायाप्रत,
जिच्यावरचा माझाच गोल
मला दुसऱ्या कुणाचा वाटला.

नाना म्हणाले, हेपण जोडा.
टॉवेलाचा हातभर तुकडा टेबलावर ठेवला,
एक तार थोडी उसवून,
साहेबांना ओढून बघता येईल अशी.
वकिलांनी तो नीट घडी करून परत दिला.
नाना, पुस्तक लागतं. लेखक, पान, आवृत्ती.

नानांना आवृत्ती नाही.

कोल्हापूरला आमचा नंबर बेचाळीस.
पुकारला तेव्हा जेवणाच्या सुट्टीला अकरा मिनिटं होती.
न्यायमूर्तींच्या खुर्चीवर पांढरा टॉवेल.
मी बाजू ऐकायची सोडून
त्याच्या कडेकडे बघत राहिले.
तज्ज्ञांच्या जागी आम्ही बसू शकत नाही,
ते म्हणाले, आवाज वाईट नव्हता,
थकलेला होता.
निवडलेल्या उमेदवारांचाही विचार करावा लागतो.
फेटाळली.
खाली आलो तेव्हा भूकच लागली होती, दुसरं काही नाही.

निवडलेला उमेदवार बाकावर माझ्या शेजारीच होता.
प्रतिवादी क्रमांक सात, इराण्णा हत्तुरे, अक्कलकोट.
नोटीस आल्यापासून झोप नाही, म्हणाला,
घरच्यांनी पेढे आधीच वाटलेत.
परतीची एसटी एकच होती.
सांगोल्याला त्याने दोन चहा आणले,
एक माझ्यापुढे धरून उभा राहिला,
घ्यावा की नाही हे मलाच ठरवायला लावत.
मी घेतला.

मग बराच वेळ खिडकीबाहेर कुसळं, बोरी, कोरडा ओढा.
मंगळवेढ्याच्या पुढे तो हळूच म्हणाला,
मला माहीत नव्हतं.
अंदाजाने मारलं. राहिलेच होते तीन मिनिटं.
मी पर्समधला तुकडा काढून त्याच्या हातात दिला.
ओढ.
त्याने ओढलं. कापड चुण्या पडत
त्याच्या मुठीकडे गोळा झालं.
हा?
हा ताणा.

त्याने तार बोटाला गुंडाळली,
सोडली, पुन्हा गुंडाळली.
नेमणूक वस्त्रोद्योग कार्यालयात आहे, म्हणाला,
आणि आम्ही दोघंही हसलो नाही.

सोलापूर स्टँडवर तो तुकडा परत द्यायला विसरला.
मीही मागितला नाही.
घरी नानांनी विचारलं नाही,
माग बंद केला नाही,
फक्त मान वळवून माझ्या हाताकडे पाहिलं,
पर्सकडे,
आणि धोटा तुटल्यासारखा
एक ठोका चुकवून
पुन्हा सुरू झाले.